ओळखपत्र आहे, पण यादीत नाव नाही: मतदार नोंदणीची पात्रता, कागदपत्रे आणि पत्ता बदलण्याची रीत

मतदानाच्या दिवशी केंद्रापासून ठरावीक अंतरावर टेबल टाकून लोकांना यादीतला भाग क्रमांक आणि अनुक्रमांक शोधून देण्याचे काम मी काही निवडणुकांत केले आहे. दर थोड्या वेळाने कुणीतरी येते, मतदार ओळखपत्र पुढे करते, आम्ही याद्या चाळतो आणि शेवटी सांगतो, ‘नाव नाही.’ समोरच्या माणसाने मागच्या निवडणुकीत मत दिलेले असते. मधल्या काळात त्याने भाड्याचे घर बदललेले असते, किंवा ती लग्न होऊन सासरी आलेली असते. संध्याकाळी शहरी मतदारांच्या उदासीनतेवर चर्चा सुरू झाली की मला ही माणसे आठवतात. उन्हात पायपीट करून केंद्रापर्यंत आलेल्या माणसाला उदासीन म्हणायला माझी जीभ रेटत नाही.

मतदानाची टक्केवारी काढतात ती यादीतल्या एकूण नावांवर. वारलेल्यांची, गाव सोडून गेलेल्यांची आणि दुबार नावे यादीत राहिली की टक्का आपोआप खाली दिसतो. म्हणजे एकाच माणसाचे नाव जुन्या पत्त्यावर न वापरता पडून राहते आणि नव्या पत्त्यावर त्याला मत देता येत नाही. लोक मत का देत नाहीत याची कारणे शोधताना आपण मनात डोकावतो. माझ्या अनुभवात निदान काही कारणे यादीतच सापडतात. म्हणून हा अर्जांचा व्यवहार नीट समजून घेऊ.

नाव कुणाला नोंदवता येते

आधार आहे लोकप्रतिनिधित्व अधिनियम, १९५०. अर्जदार भारताचा नागरिक हवा, अर्हता दिनांकाला, म्हणजे वय मोजण्यासाठी कायद्याने ठरवलेल्या तारखेला, १८ वर्षे पूर्ण हवीत आणि तो त्या मतदारसंघाचा सर्वसाधारण रहिवासी हवा. मतदानाचे वय पूर्वी २१ होते. ६१व्या घटनादुरुस्तीने ते १९८९पासून १८ झाले. सक्षम न्यायालयाने मनोविकल ठरवलेली व्यक्ती किंवा निवडणुकीतील भ्रष्ट आचरणामुळे अपात्र ठरलेली व्यक्ती यादीत येऊ शकत नाही.

यातली नागरिकत्वाची आणि वयाची अट सरळ आहे. गोंधळ होतो तो ‘सर्वसाधारण रहिवासी’ या शब्दांवर, आणि माझ्या टेबलाजवळचे बहुतेक वाद तिथलेच. कायद्याचे कलम २० स्पष्ट सांगते की एखाद्या ठिकाणी घर मालकीचे आहे एवढ्यावरून माणूस तिथला रहिवासी ठरत नाही. गावाकडे वडिलोपार्जित वाडा आहे, पण पंधरा वर्षे संसार शहरात आहे, तर नाव शहरात हवे. उलट, काही काळापुरते बाहेर गेल्याने रहिवास संपतही नाही. ऊसतोडीला, बांधकामावर किंवा उपचारासाठी चार महिने दुसऱ्या जिल्ह्यात गेलेल्या माणसाचे गावातले नाव तेवढ्यावरून काढता येत नाही. परत येण्याचा इरादा आणि तशी सोय असेल तर घर तेच धरले जाते.

‘गावाकडे राहू दे, इथेही असू दे’ हा सल्ला अनेक जण आपुलकीने देतात. तो ऐकू नका. कलम १७ आणि १८ नुसार एका माणसाचे नाव एकापेक्षा जास्त मतदारसंघांत किंवा एकाच मतदारसंघात दोनदा असू शकत नाही. नाव आधीच नोंदलेले असताना ‘कुठेही नाव नाही’ असे अर्जात जाणूनबुजून लिहून देणे हे खोटे प्रतिज्ञापन आहे. कलम ३१ खाली त्यासाठी एक वर्षापर्यंत कैद, दंड किंवा दोन्ही होऊ शकतात.

वसतिगृहात राहणाऱ्या विद्यार्थ्यांना निवड आहे. घरच्या पत्त्यावर आई-वडिलांबरोबर नाव ठेवावे, किंवा वसतिगृहाच्या पत्त्यावर नोंदवावे. दुसऱ्या पर्यायासाठी संस्थाप्रमुखांचे बोनाफाईड लागते.

अठरा पूर्ण व्हायची वाट पाहू नका

पूर्वी १ जानेवारी हा एकच अर्हता दिनांक होता. २ जानेवारीला अठरावा वाढदिवस असणाऱ्या मुलीला जवळजवळ वर्षभर थांबावे लागे. २०२१च्या कायदादुरुस्तीनंतर १ जानेवारी, १ एप्रिल, १ जुलै आणि १ ऑक्टोबर असे चार दिनांक झाले. ऑगस्ट २०२२पासून ही पद्धत अमलात आहे. सतरा पूर्ण झाल्यावर अर्ज आगाऊ देऊन ठेवता येतो. वय भरले की पुढच्या तिमाहीत त्याचा विचार होतो.

कोणता नमुना कशासाठी

नमुना ६ फक्त पहिल्यांदा नाव नोंदवणाऱ्यांसाठी आहे. हे वाक्य ठळक अक्षरांत लिहून सोसायटीच्या फलकावर लावावे असे मला वाटते, कारण घर बदललेली माणसे पुन्हा नमुना ६च भरतात आणि दुबार नोंदीत अडकतात. मतदारसंघाबाहेर गेल्यावर पूर्वी नमुना ६ भरावा लागे, ती सवय अजून गेलेली नाही. आता पत्ता बदलण्यासाठी नमुना ८ आहे, मग नवे घर त्याच मतदारसंघात असो, दुसऱ्या जिल्ह्यात असो वा दुसऱ्या राज्यात. नावातली, वयातली किंवा फोटोतली चूक सुधारणे, हरवलेल्या ओळखपत्राऐवजी नवे मागणे आणि दिव्यांग असल्याची नोंद करणे ही कामेही नमुना ८नेच होतात. अर्जात जुना ओळखपत्र क्रमांक लिहावा लागतो. तो दहा अक्षरांकांचा क्रमांक जपून ठेवा.

नमुना ७ आहे नाव वगळण्यासाठी किंवा एखाद्या नावावर हरकत घेण्यासाठी. घरातले कुणी वारले असेल तर मृत्यूच्या दाखल्यासह तो भरा. दुःखाच्या दिवसांत हे कुणाला सुचत नाही, आणि म्हणून ती नावे वर्षानुवर्षे यादीत राहतात. परदेशी राहणाऱ्या आणि तिथले नागरिकत्व न घेतलेल्या भारतीयांसाठी नमुना ६अ वेगळा आहे.

कागदपत्रे

पासपोर्ट आकाराचा एक अलीकडचा फोटो लागतो. जन्मतारखेसाठी जन्मदाखला, आधार, पॅन, वाहन परवाना, दहावी किंवा बारावीचे जन्मतारीख असलेले बोर्डाचे प्रमाणपत्र आणि पासपोर्ट यांपैकी एक पुरते.

पत्त्याचा पुरावा हीच खरी अडचणीची जागा. पाणी, वीज किंवा गॅस जोडणीचे बिल, आधार, बँकेचे किंवा पोस्टाचे चालू पासबुक, पासपोर्ट, महसूल खात्याची जमिनीची नोंद, नोंदणीकृत भाडेकरार, नोंदणीकृत खरेदीखत, यांतले एक द्यायचे. कागद स्वतःच्याच नावाचा हवा असे नाही. आई-वडील, पती किंवा पत्नी, किंवा सज्ञान मुलगा-मुलगी त्याच पत्त्यावर मतदार असतील तर त्यांच्या नावाचा कागदही चालतो. सासरी आलेल्या मुलीला याचा मोठा आधार आहे. विजेचे बिल सासऱ्यांच्या नावाचे असते आणि सून-सासरे हे नाते या यादीत बसत नाही, पण पतीचे नाव तिथल्या मतदार यादीत असेल तर त्याचे पासबुक चालते. आडनाव बदलायचे नसेल तर बदलू नका. मतासाठी पत्ता बदलला की पुरे.

भाडेकरूंचा प्रश्न निराळा आहे. अनेक घरमालक करार नोटरी करून मोकळे होतात, आणि नमुना ६च्या यादीत नोटरी केलेला करार बसत नाही. तिथे नोंदणीकृत करारच हवा. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९च्या कलम ५५ नुसार करार लेखी करून नोंदवण्याची जबाबदारी घरमालकाची आहे. हे त्यांना शांतपणे दाखवून द्या. तरीही जमत नसेल तर बँकेच्या पासबुकावर नवा पत्ता नोंदवून घ्या आणि त्यावर अर्ज करा.

यादीतला एकही कागद नसेल म्हणून अर्ज करायचा नाही असे समजू नका. दुसरा एखादा कागद जोडता येतो, मग प्रत्यक्ष जागेवर पडताळणी होते. ज्यांना घरच नाही, फुटपाथवर किंवा पुलाखाली झोपतात, त्यांनाही मताचा हक्क आहे. बीएलओने, म्हणजे मतदान केंद्राच्या यादीचे काम पाहणाऱ्या केंद्रस्तरीय अधिकाऱ्याने, रात्री त्या जागी जाऊन माणूस खरोखर तिथे झोपतो का हे पाहायचे असते. तशी खात्री झाली की पत्त्याचा कागद मागायचा नसतो.

नमुना ६मध्ये आधार क्रमांकाचा रकाना आहे. आधार नसेल तर तसे लिहिण्याची सोय तिथेच आहे, आणि पुरेशा कारणाने आधार देता आले नाही एवढ्यावरून नाव नाकारता येत नाही.

अर्ज दिल्यानंतर

अर्ज निवडणूक आयोगाच्या मतदार सेवा पोर्टलवर किंवा ॲपवर भरता येतो, नाहीतर कागदी अर्ज बीएलओकडे किंवा तहसील कार्यालयातल्या निवडणूक शाखेत द्यावा. शुल्क नाही. संदर्भ क्रमांक किंवा पोच घेतल्याशिवाय उठू नका. अडचण आली तर १९५० हा मदत क्रमांक आहे.

आलेल्या अर्जांची यादी प्रसिद्ध होते आणि हरकतींसाठी सात दिवस दिले जातात. बीएलओ घरी येऊन पडताळणी करतो. दार बंद दिसले म्हणून अर्ज लटकल्याची तक्रार नेहमी कानावर येते, म्हणून दोघेही नोकरीला जात असाल तर शेजाऱ्यांना सांगून ठेवा. निर्णय मतदार नोंदणी अधिकारी देतात. तो मान्य नसेल तर १५ दिवसांत जिल्हादंडाधिकाऱ्यांकडे अपील करता येते, आणि तिथला निकालही पटला नाही तर ३० दिवसांत मुख्य निवडणूक अधिकाऱ्यांकडे.

निवडणूक जाहीर झाल्यावर धावपळ करणाऱ्यांनी एक गणित लक्षात घ्यावे. उमेदवारी अर्ज भरण्याच्या शेवटच्या दिवसानंतर यादीत नाव घालता किंवा काढता येत नाही. हरकतींचे सात दिवस त्याआधी पूर्ण व्हायला हवेत, त्यामुळे त्या दिवसाच्या किमान दहा दिवस आधी अर्ज पोचला पाहिजे.

महापालिका, नगरपरिषदा, जिल्हा परिषदा आणि ग्रामपंचायतींच्या निवडणुका राज्य निवडणूक आयोग घेतो. तो विधानसभेचीच यादी घेऊन प्रभागांत विभागतो, पण एक दिनांक ठरवून. २०२५च्या अखेरीस राज्यात स्थानिक निवडणुकांचा हंगाम सुरू झाला तेव्हा १ जुलै २०२५ रोजीची यादी धरली गेली. त्यानंतर नाव नोंदवलेल्यांना प्रभागात मत देता आले नाही. प्रभागाची प्रारूप यादी लागते तेव्हा नाव भलत्याच प्रभागात गेले नाही ना, हे पाहून त्याच मुदतीत हरकत द्यावी.

मतदानाच्या दिवशी

ओळखपत्र दुसऱ्या मतदारसंघाचे असले तरी ओळख पटवायला चालते, अट एवढीच की त्या केंद्राच्या यादीत तुमचे नाव हवे. लोकसभा-विधानसभेला ओळखपत्राऐवजी आधार, पॅन, पासपोर्ट, वाहन परवाना, मनरेगाचे जॉब कार्ड, फोटो असलेले पासबुक अशी बारा कागदपत्रे आयोगाने मान्य केली आहेत. घरपोच आलेली मतदार माहिती चिठ्ठी ही ओळख नव्हे. या निवडणुकांत ८५ वर्षांवरील आणि ४० टक्के किंवा अधिक दिव्यांगत्व असलेल्या मतदारांना घरून टपाली मत देता येते. त्यासाठी नमुना १२ड निवडणुकीची अधिसूचना निघाल्यापासून पाच दिवसांत द्यावा लागतो.

आणि केंद्रात गेल्यावर कळले की तुमच्या नावावर आधीच कुणीतरी मत देऊन गेले आहे, तर परत फिरू नका. केंद्राध्यक्षांकडे प्रदत्त मत मागा. ओळख पटल्यावर ते कागदी मतपत्रिका देतात. ती यंत्रात जात नाही, वेगळ्या लिफाफ्यात ठेवली जाते, आणि तुमचे नाव व सही वेगळ्या नमुन्यात नोंदली जाते.