ल्यूथरच्या शाळा : विटेनबर्गपासून तंजावरपर्यंत

धर्मसुधारणेमुळे युरोपात शिक्षणाचा प्रसार झाला, हे आपण शाळेच्या पुस्तकात वाचलेले असते. सुरुवातीची काही वर्षे मात्र नेमके उलटे घडले. १५१७ मध्ये मार्टिन ल्यूथर या जर्मन मठवासी धर्मपंडिताने विटेनबर्गमधून चर्चच्या सत्तेला आव्हान दिले आणि काही वर्षांतच जर्मनीतले मठ ओस पडू लागले. मुलाला मठाच्या किंवा चर्चच्या शाळेत घालण्यामागे आईबापांचा हिशेब सरळ असे. पोरगा लॅटिन शिकला की पाद्री किंवा मठवासी होईल आणि जन्माची ददात मिटेल. ती वाट बंद झाल्यावर मुलाला शिकवायचे कशाला, असा प्रश्न घरोघर पडला. एरफर्टसारख्या नावाजलेल्या विद्यापीठातही १५२० नंतर नवे विद्यार्थी झपाट्याने कमी झाले. प्रत्येकाने धर्मग्रंथ स्वतः वाचावा असा आग्रह धरणाऱ्या माणसाच्या चळवळीनेच शाळा रिकाम्या केल्या होत्या.

ल्यूथरला हे दिसत होते. १५२४ मध्ये त्याने जर्मनीतल्या शहरांच्या नगरमंडळांना उद्देशून एक पत्र छापले. ल्यूथरन, म्हणजे ल्यूथरच्या अनुयायांच्या, शिक्षणपरंपरेचा उगम या पत्रात आहे, आणि आजही ते वाचावे असे आहे. बंदुका, रस्ते, पूल, बंधारे यांवर शहरे दरवर्षी इतका पैसा ओततात, मग एकदोन चांगल्या शिक्षकांना का पोसू नये, असा त्याचा सवाल होता. शाळा ही फक्त धर्मासाठी हवी असे तो म्हणत नाही. स्वर्ग-नरक नसते तरीही राज्य चालवायला आणि घर सांभाळायला शिकलेली माणसे लागलीच असती, असे तो बजावतो. मुलांनी दिवसातला तासदोन तास शाळेत जावे, उरलेला वेळ घरी धंदा शिकावा. मुलींनीही रोज थोडा वेळ शाळेत यावे. शिवाय शहरांनी ग्रंथालये उभारावीत. १५३० च्या प्रवचनात तो आणखी पुढे गेला. युद्धाच्या वेळी राजा प्रजेला भाला उचलायला लावू शकतो, तर मुलांना शाळेत पाठवण्याचीही सक्ती त्याने करावी, असे त्याने सांगितले.

माझ्या मते ल्यूथरन परंपरेची खरी देणगी इथे आहे. शाळेचा खर्च आणि जबाबदारी त्याने मठाकडून काढून नगराच्या आणि राज्याच्या खांद्यावर टाकली. त्याची किंमतही मोजावी लागली, कारण ज्याच्या हाती शाळा त्याच्या हाती मुलांची मने. जर्मन राजांनी आज्ञाधारक प्रजा घडवण्यासाठी शाळेचा पुढे पुरेपूर वापर केला.

विचार ल्यूथरचा असला तरी बांधकाम त्याच्या सहकाऱ्यांनी केले. फिलिप मेलांख्थोनने १५२८ मध्ये सॅक्सनीसाठी शाळेची आखणी केली आणि विद्यार्थ्यांचे तीन गट पाडले. जर्मनीचा गुरू ही पदवी लोकांनी त्याला उगीच दिली नाही. योहान्स बुगेनहागेनने ब्राउनश्वाइग, हाम्बुर्ग, ल्यूबेक या शहरांना शाळांचे नियम लिहून दिले आणि त्यांत मुलींच्या शाळाही धरल्या. सॅक्सनीत मठांच्या रिकाम्या इमारतींत आणि उत्पन्नावर पफोर्टा, माइसेन, ग्रिमा इथे शाळा निघाल्या. १५२९ मध्ये ल्यूथरची लहान प्रश्नोत्तरी, म्हणजे धर्माची तत्त्वे प्रश्नोत्तरांत सांगणारे पुस्तक, आली आणि खेड्यातल्या मुलांचे पहिले पुस्तक बहुतेक वेळा तेच ठरले. मात्र शतकाच्या अखेरीस गावोगाव तपासणीला गेलेल्या अधिकाऱ्यांचे अहवाल निराशेने भरलेले आहेत. लोकांना प्रश्नोत्तरी धड पाठही नव्हती, मग तिचा अर्थ समजणे दूरच.

साक्षरतेचा सर्वांत नवलाचा प्रयोग ल्यूथरन पंथाच्या स्वीडनमध्ये झाला. १६८६ च्या चर्च कायद्याने वाचता येणे प्रत्येकाचे कर्तव्य ठरवले. पाद्री कुटुंबांना बोलावून वाचनाची परीक्षा घेई आणि निकाल वहीत नोंदवी. शिकवायचे काम बहुतेक घरीच, आईबापांचे. अठराव्या शतकात तिथली बहुतेक माणसे वाचू शकत, पण लिहिता येणारे फारच थोडे होते. शेजारच्या डेन्मार्कचा राजा चौथा फ्रेडरिक याने १७२१ ते १७२७ या काळात ग्रामीण मुलांसाठी २४० शाळा बांधल्या. आपल्या कथेत हाच राजा महत्त्वाचा आहे.

त्याआधी, १७०५ च्या अखेरीस, त्याने बार्थोलोमेउस त्सिगेनबाल्ग आणि हाइनरिख प्ल्युटशाऊ या दोन तरुण जर्मनांना आजच्या तमिळनाडूच्या किनाऱ्यावरील तरंगमबाडीच्या डॅनिश वसाहतीत पाठवले. त्यांच्यामागे जर्मनीतले हाले शहर होते. ऑगस्ट हर्मान फ्रांकने तिथे १६९५ मध्ये गरीब मुलांची शाळा काढली आणि तिच्याभोवती अनाथालय, छापखाना, औषधालय, निसर्गवस्तूंचा संग्रह असे सारे उभे केले. पुस्तकाबरोबर प्रत्यक्ष वस्तू दाखवून शिकवायचे, ही हालेची रीत. त्सिगेनबाल्ग तमिळ शिकला. त्याने शाळा काढल्या आणि लवकरच मुलींसाठीही वर्ग सुरू केला. त्याचा तमिळ नवा करार १७१५ पर्यंत तरंगमबाडीत छापून झाला. हेतू धर्मप्रसाराचाच होता, हे लपवण्याचे कारण नाही.

हालेचाच ख्रिश्चन फ्रेडरिक श्वार्ट्झ १७५० मध्ये आला आणि पुढे तंजावरला स्थायिक झाला. तंजावर म्हणजे व्यंकोजीराजांच्या वंशजांचे मराठी राज्य. ब्रिटिश रेसिडेंट जॉन सुलिव्हन याच्या मदतीने १७८५ च्या सुमारास तंजावर, रामनाथपुरम आणि शिवगंगा इथे त्याने इंग्रजी शाळा उघडल्या. ईस्ट इंडिया कंपनीने त्यांना प्रत्येकी वर्षाला २५० होनांचे अनुदान दिले. त्यांत मुले मुख्यतः ब्राह्मण आणि व्यापारी घरांतली होती. भारतात इंग्रजी शिक्षणाचा पुरस्कार करणाऱ्या लॉर्ड मेकॉलेच्या टिपणाच्या अर्धशतक आधीची ही गोष्ट आहे.

१७८७ मध्ये तंजावरच्या तुळजाराजांनी मृत्यूपूर्वी दत्तक घेतलेल्या लहानग्या सरफोजींना श्वार्ट्झच्या हवाली केले. गादीवर आलेल्या अमरसिंहांनी, म्हणजे तुळजाराजांच्या सावत्र भावाने, मुलाला कोंडल्यासारखे ठेवले, त्याच्या शिक्षणाकडे दुर्लक्ष केले. श्वार्ट्झने कंपनीकडे दाद मागितली आणि १७९३ मध्ये सरफोजींना मद्रासला नेण्यात आले. तिथे मिशनच्याच गेरिके यांच्या देखरेखीत ते शिकले. १७९८ च्या फेब्रुवारीत श्वार्ट्झ वारला आणि त्याच वर्षी सरफोजीराजे गादीवर बसले.

सरफोजीराजांनी धर्म बदलला नाही. ते निष्ठावान शैव राहिले, देवळांना देणग्या देत राहिले. पण गुरूची शिकवण्याची रीत त्यांनी आपलीशी केली. सरस्वती महाल या ग्रंथालयात त्यांनी पोथ्यांबरोबर युरोपीय ग्रंथ जमवले आणि शास्त्रीय उपकरणांचाही संग्रह केला. नवविद्येच्या नावाने शाळा आणि देवनागरी छापखाना काढला. इसापच्या कथांचे मराठी रूपांतर याच छापखान्यातून बाहेर पडले, तेही मुंबई-पुण्यात मराठी मुद्रण रुळण्याच्या कितीतरी आधी. मराठी पाठ्यपुस्तकांचा इतिहास सांगताना तंजावर एका ओळीत उरकले जाते, हे मला खटकते. श्वार्ट्झच्या स्मरणार्थ राजांनी इंग्लंडमध्ये शिल्पकार फ्लॅक्समनकडून संगमरवरी शिल्प करवून घेतले. मृत्युशय्येवरच्या गुरूचा हात धरलेले सरफोजी त्यात दिसतात. ते तंजावरच्या चर्चमध्ये आहे.

पुढच्या शतकात ल्यूथरन मिशनांचा केंद्रबिंदू सरकला. १८४५ मध्ये जर्मनीतल्या गॉस्नर मिशनचे लोक रांचीला पोहोचले आणि छोटानागपूरच्या आदिवासी मुलांसाठी शाळा निघाल्या. आंध्रात अमेरिकन ल्यूथरन मिशनने १८८५ मध्ये गुंटूरला उभारलेले कॉलेज आंध्र ख्रिश्चन कॉलेज या नावाने ओळखले जाते, आणि तेलुगू अभिनेते व पुढे आंध्रचे मुख्यमंत्री झालेले एन. टी. रामाराव तिथेच शिकले.