दुर्मिळ इंग्रजी शब्द : अर्थ व उच्चार

प्रचारातून गेलेले, किंवा एखाद्या शास्त्राच्या परिभाषेत आणि कोशांच्या पानांत तेवढे उरलेले इंग्रजी शब्द. वापर थांबलेल्या शब्दापुढे ऑक्सफर्डचा बृहत्कोश कट्यारीचे चिन्ह छापतो; वापरात असूनही क्वचितच आढळणारे शब्द त्यांहून वेगळे धरावे लागतात. करवीर नगर वाचन मंदिरासारखे १८५० पासूनचे ग्रंथालय लाभलेल्या कोल्हापुरातही असे शब्द वाचकाला कानांनी नव्हे, डोळ्यांनीच प्रथम भेटतात. त्यामुळे अर्थ कोशात सापडतो आणि उच्चारापाशी गाडी अडते.

लिहिले तसे वाचण्याची मराठी सवय येथे फसवते. ('चहा' आणि 'चमचा' यांतला च वेगळा आहे हे आपली लिपीही दाखवत नाही, हा भाग निराळा.) शब्द कोणत्या भाषेतून आला हे कळले, की बहुधा अर्थ आणि उच्चार दोन्ही उलगडतात. ग्रीक मुळाच्या शब्दांत सी-एच या जोडीचा उच्चार सहसा 'क' होतो, आणि आरंभीच्या पी-टी मधला पी मुका राहतो. क्षयरोगाचे जुने वैद्यकीय नाव पी-एच-टी-एच असे सुरू होते, पण ते 'थायसिस' किंवा 'टायसिस' असे उच्चारतात. 'टार्मिगन' या थंड प्रदेशातल्या पक्ष्याचे नाव मात्र मूळचे गेलिक, म्हणजे स्कॉटलंडच्या जुन्या भाषेतले; सतराव्या शतकात ते ग्रीक समजून त्याच्यापुढे मुका पी चिकटवण्यात आला.

पहिल्या पावसानंतरच्या मातीच्या वासाला 'पेट्रिकॉर' हे नाव इझाबेल जॉय बेअर व रिचर्ड टॉमस या ऑस्ट्रेलियातील संशोधकांनी १९६४ मध्ये दिले. ग्रीक पुराणांत देवांच्या शिरांतून वाहणाऱ्या द्रवाला 'आयकॉर' म्हणतात. त्याला दगडवाचक शब्द जोडून हे नाव झाले, आणि म्हणून 'पेट्रायकॉर' हा उच्चारही ऐकू येतो. 'पेट्रिचोर' मात्र चुकीचा. मराठीत मृद्गंध हा शब्द आहेच. उलट वळवाच्या पावसाला इंग्रजीत असा एकच नेमका शब्द नाही.

कोल्हापूरकराला सर्वांत जवळचा वाटावा असा शब्द म्हणजे 'अल्ट्राक्रेपिडेरियन', आघात (उच्चारातला जोर) 'डे'वर. आपल्या माहितीपलीकडच्या विषयात मते देणारा, असा त्याचा अर्थ. रोमन लेखक प्लिनी सांगतो, की अपेलिस हा चित्रकार आपल्या चित्रामागे लपून लोकांचे बोलणे ऐकत असे. एका चर्मकाराने चित्रातल्या वहाणेला वादी ओवायचा एक फासा कमी असल्याचे दाखवले आणि अपेलिसने तो सुधारला. दुसऱ्या दिवशी तोच गृहस्थ पायाच्या ठेवणीवर बोलू लागला, तेव्हा वहाणेच्या वर जाऊ नये, असे अपेलिसने त्याला सुनावले. लॅटिनमध्ये 'क्रेपिडा' म्हणजे वहाण. त्यावरून घडलेला हा शब्द इंग्रज निबंधकार विल्यम हॅझलिट यांनी १८१९ मध्ये एका टीकाकाराला उद्देशून वापरला. गोष्टीत चर्मकाराची पहिली हरकत बरोबर होती, हे सहसा विसरले जाते. कोल्हापुरी चपलेचे कान, पट्टा आणि अंगठा नुसत्या नजरेने पारखणाऱ्या कारागिराला ते सांगावे लागणार नाही.

देवनागरीत 'ॲ' आणि 'ऑ' लिहिता येतात, पण आघात दाखवण्याची रूढ खूण नाही. लांब शब्दांत ही उणीव विशेष जाणवते.

काही शब्द कोशांबाहेर जवळजवळ भेटतच नाहीत. हेन्री कॉकरम यांच्या १६२३ च्या कोशातला 'ॲप्रिसिटी', म्हणजे हिवाळ्यातल्या उन्हाची ऊब, हा त्यांपैकी. थंडीतल्या सकाळी रंकाळ्यावर ती अनुभवणाऱ्याला शब्दाची गरज पडत नाही. काही शब्द तर मुळात नसतातच. इंग्रज भाषाभ्यासक वॉल्टर स्कीट यांनी १८८६ मध्ये अशांना भूतशब्द म्हटले. वेबस्टरच्या १९३४ च्या कोशात 'घनता' या अर्थाचा 'डॉर्ड' छापला गेला, कारण घनतेसाठी मोठा किंवा लहान डी वापरावा अशी सूचना देणाऱ्या चिठ्ठीतले 'डी ऑर डी' (D or d) कुणीतरी सलग शब्द म्हणून वाचले होते. चूक १९३९ मध्ये लक्षात आली, कारण नोंदीला व्युत्पत्ती नव्हती; उच्चार मात्र व्यवस्थित दिलेला होता.