पार्श्वभूमी: कुरीने पेरलेले आणि फोकून टाकलेले सुरुंग

कोल्हापूर भागात सुरुंग म्हटलं की आधी आठवतो तो विहिरीचा. खाली काळा दगड लागला की भोकं पाडायची, दारू ठासायची, माणसं लांब घालवायची आणि बार उडवायचा. त्याहून जुना सुरुंग किल्ल्यांचा. १६६० साली पन्हाळ्याला सिद्दी जौहरचा वेढा होता. त्याच वर्षी शायिस्तेखानाच्या फौजेने चाकणच्या संग्रामदुर्गाचा बुरूज खालून भुयार खणून उडवला. विहीर असो वा बुरूज, सुरुंग कुठे आहे हे लावणाऱ्याला पक्कं ठाऊक असायचं. रणगाड्यांविरुद्धच्या सुरुंगांच्या इतिहासात नेमकी हीच खात्री हातातून सुटत गेली.

पहिल्या महायुद्धात ब्रिटिश रणगाडे अंगावर येऊ लागले, तेव्हा जर्मनांनी वाटेत तोफगोळेच पुरून ठेवले. दुसऱ्या महायुद्धापर्यंत ताटासारखे चपटे, खास बनवलेले सुरुंग आले. १९४२ साली इजिप्तमध्ये एल अलामेनच्या वाळवंटात जर्मन सेनापती रोमेलच्या फौजेने सुमारे ५ लाख सुरुंग पेरले, त्यांतले बहुतेक रणगाडाविरोधी. हे काम कुरीने पेरणी करण्यासारखं असे: ओळी, अंतर, कडेला खुणा आणि हाताने काढलेला नकाशा. काढणाऱ्याचं कामही तसंच, एकेक करून. मुंबई सॅपर्स या लष्करी अभियंत्यांच्या पथकातले सेकंड लेफ्टनंट प्रेमींद्रसिंग भगत यांनी १९४१ साली ॲबिसिनियात (आजच्या इथिओपियात) सलग ९६ तास राबून सुमारे ८८ किलोमीटर रस्त्यावरची १५ सुरुंगक्षेत्रं मोकळी केली आणि व्हिक्टोरिया क्रॉस मिळवला. एप्रिल १९४८ मध्ये नौशेरा-राजौरी रस्त्यावर त्याच सॅपर्सचे राम राघोबा राणे रणगाड्याच्या पोटाखाली सरपटत, दोराने चालकाला खूण देत पुढे सरकले. त्यांना परमवीर चक्र मिळालं. सॅपर्सच्या खडकीच्या केंद्राची ही परंपरा सैनिक टाकळीसारख्या फौजी गावाला वेगळी सांगायला नको.

पुरलेल्या सुरुंगाची अडचण वेळेची. सोव्हिएत टीएम-६२ जातीचा एक सुरुंग साधारण १० किलोचा, त्यात ७ किलोच्या वर स्फोटक. असे हजार पुरायचे तर ट्रक, माणसं आणि तास लागतात. शीतयुद्धात पश्चिम जर्मनीच्या सीमेपलीकडे वॉर्सा करारातल्या देशांचे हजारो रणगाडे उभे होते आणि एवढा वेळ मिळणार नाही हे नाटोला कळत होतं. म्हणून १९७० नंतर सुरुंग फोकून टाकण्याची पद्धत जोमाने आली, आधी हेलिकॉप्टरमधून, मग तोफेतून, रॉकेटमधून आणि विमानातून.

अमेरिकेच्या रॅम या तोफगोळ्याचंच बघा. १५५ मिलिमीटरच्या एका गोळ्यात ९ सुरुंग. प्रत्येक जेमतेम पावणेदोन किलोचा, चहापत्तीच्या बसक्या डब्याएवढा, आत अर्ध्या किलोच्या आसपास स्फोटक. एवढ्याशा दारूने रणगाडा थांबतो कसा? मोठा सुरुंग पट्ट्याखाली दाबला गेल्यावर उडतो. हा लहान सुरुंग वरून जाणाऱ्या लोखंडाचं चुंबकीय क्षेत्र ओळखतो आणि रणगाड्याच्या पोटाखाली उडतो, जिथे पत्रा सगळ्यात पातळ असतो. दोन्ही तोंडं सारखी, त्यामुळे उलटा पडला काय नि सुलटा पडला काय, काम तेच. हा पुरायचा नसतो, उघडाच पडतो. उघड्या माळावर तो दिसतो. गवतात किंवा उसाच्या सरीत, पाचटाखाली पडला तर पाय लागेपर्यंत दिसणार नाही. काही सुरुंग तर हलवल्यावरही फुटतील असे बनवलेले असतात.

आकडे झपाट्याने वाढले. अमेरिकेच्याच व्होल्कॅनो यंत्रणेत १६० नळकांडी, प्रत्येकात ६, म्हणजे ९६० सुरुंग, ट्रकवरून किंवा हेलिकॉप्टरमधून. जर्मनीच्या एटी-२ सुरुंगांची १२ रॉकेटं सुटली की ३३६ सुरुंग जमिनीवर. अमेरिकी हवाई दलाच्या एका गेटर बाँबमध्ये रणगाड्यांसाठी ७२ आणि माणसांसाठी २२. सोव्हिएत बाजूला अशाच फोकायच्या सुरुंगांची पीटीएम मालिका होतीच.

ओळी गेल्या, नकाशा गेला, त्यांच्या जागी घड्याळ आलं. अमेरिकी सुरुंग ४ तास, ४८ तास किंवा १५ दिवसांनी स्वतःहून उडावेत असे लावता येतात. यातही मेख आहे: मुदतीचा ८० टक्के काळ सरला की ते उडायला लागतात. ४८ तासांचं क्षेत्र साधारण अडतीस तासांनंतर भरवशाचं उरत नाही, आणि ४८ तास उलटल्यावरही ते पूर्ण मोकळं झालं असं कुणी छातीठोकपणे सांगू नये. बॅटरी, घड्याळ, पडतानाचा आदळ, यांपैकी काहीही दगा देऊ शकतं. १९९१ च्या आखाती युद्धात अमेरिकेने सुमारे १ लाख १७ हजार सुरुंग टाकले, जवळजवळ सगळे विमानातून. युद्धानंतर कुवेतमध्ये सफाई करणाऱ्यांना न उडालेले सुरुंग सापडत राहिले. स्वतःच्या फौजेचाच रस्ता अडेल, आपलेच लोक मरतील, या भीतीने अमेरिकी सेनानींनीही ते वापरताना हात आखडता घेतला होता.

युक्रेनमध्ये हे शस्त्र पुन्हा पुढे आलं. २०२२ मध्ये रशियाने ‘झेम्लेदेलिये’ ही रॉकेटने सुरुंग पसरवणारी गाडी आणली. या रशियन शब्दाचा अर्थ ‘शेती’, आणि शेतकऱ्याच्या घरात वाढलेल्या कुणालाही तो टोचावा. अमेरिकेने युक्रेनला रॅमचे गोळे दिले, जर्मनीने एटी-२. २०२३ च्या सुरुवातीला वुहलेदारसमोर रशियन रणगाड्यांचे ताफे सुरुंगांत अडकले. जूनमध्ये झापोरिझ्झिया आघाडीवर तीच पाळी युक्रेनच्या लेपर्ड रणगाड्यांवर आणि ब्रॅडली चिलखती गाड्यांवर आली. तिथलं गणित सरळ होतं. नांगर लावलेला रणगाडा पुढे जाऊन एका गाडीपुरती वाट काढतो, ताफा एकामागे एक लागतो, पुढची गाडी थांबली की मागच्यांना वळायला जागा नाही, आणि तोफांना नेम धरायला अख्खी रांग मिळते. त्यातून वाट निघालीच, तर मागून रॉकेटने तीच वाट पुन्हा सुरुंगांनी भरता येते. सुरुंग उडवण्यासाठी रणगाड्यापुढे लावलेल्या, दाब देणाऱ्या रोलरचा चुंबकीय सुरुंगापुढे फारसा उपयोग नसतो. त्यासाठी रणगाड्याच्या पुढे चुंबकीय क्षेत्र फेकणारं वेगळं उपकरण लागतं.

६ जून २०२३ ला काखोव्का धरण फुटलं आणि पुराने नीपर नदीकाठचे सुरुंग वाहून नेले. २०१९ ला पंचगंगेने कुणाची कुठली वस्तू कुठे नेऊन टाकली होती हे आठवलं, की याचा अर्थ वेगळा समजावून सांगावा लागत नाही.

कायदा इथे लंगडा आहे. १९९७ चा ओटावा करार फक्त माणसांविरुद्धच्या सुरुंगांवर बंदी घालतो, आणि भारत त्यात नाही. भारत बांधील आहे तो काही पारंपरिक शस्त्रांवर मर्यादा घालणाऱ्या संयुक्त राष्ट्रांच्या कराराच्या, १९९६ मध्ये सुधारलेल्या दुसऱ्या प्रोटोकॉलला. दुरून टाकलेल्या सुरुंगक्षेत्राचे कोपरे, सुरुंगांची संख्या, तारीख आणि स्वतः उडण्याची मुदत यांची नोंद ठेवणं त्यात सक्तीचं आहे. पण स्वतः उडण्याची सोय रणगाडाविरोधी सुरुंगात ‘शक्य असेल तितपत’च हवी.

२००१ मध्ये संसदेवरील हल्ल्यानंतर सीमेवर फौज उभी केली त्या ऑपरेशन पराक्रममध्ये भारताने पश्चिम सीमेवरच्या शेतांत हाताने सुरुंग पेरले होते. ओळी होत्या, नोंदी होत्या. तरी वाळू सरकली, पावसाने काही जागेवरून हलले, पेरताना आणि काढताना जवान मेले, जखमी झाले, आणि राजस्थान-पंजाबातल्या शेतकऱ्यांना आपलं रान परत मिळायला बराच काळ वाट पाहावी लागली.