ऑफलाइन एडिट म्हणजे नेट बंद ठेवून केलेलं एडिट नव्हे

‘उद्या ऑनलाइनला बस’ असं सांगितलं की सिनेमाच्या एडिटिंगमधला नवा असिस्टंट घरूनच लॅपटॉप उघडायच्या तयारीत असतो. पण इथे इंटरनेटचा काडीचा संबंध नाही. हे शब्द व्हिडिओ टेपच्या काळातले. पक्की जोडणी करणाऱ्या महागड्या मशीनचं भाडं तासावर, म्हणून सगळी डोकेफोड आधी साध्या मशीनवर, कॉपीवर करायची. ते ऑफलाइन. ठरलेलं मास्टर टेपवर उतरवायचं, ते ऑनलाइन. फिल्मवरही हीच रीत होती. रश प्रिंट, म्हणजे निगेटिव्हवरून काढलेली कामापुरती कॉपी, चिकटपट्टीनं चिकटवायची, नाही पटलं तर सोडवायची. मूळ निगेटिव्ह मात्र शेवटी, काठावरचे नंबर जुळवून कापायची. तिथे चूक झाली की संपलं.

आज असिस्टंट कॅमेऱ्याच्या जड फाइलींच्या प्रॉक्सी, म्हणजे हलक्या कॉपी, बनवतो आणि एडिटर महिनोन्‌महिने त्यांच्यावर काम करतो. सिनेमा घडतो तो इथे. नट ‘हो’ म्हणाला. लगेच कापायचं, की त्याच्या चेहऱ्यावर आणखी आठ फ्रेम थांबायचं? सेकंदाला 24 फ्रेम, म्हणजे सेकंदाचा तिसरा हिस्सा. पण तेवढ्यानं तो खोटं बोलतोय असं वाटू शकतं. तिसऱ्या टेकचा आवाज पाचव्या टेकच्या चित्रावर बसवायचा, अख्खा सीन उचलून मध्यंतरानंतर टाकायचा, हेही इथलंच. पोस्टरवर नाव येतं ते हे करणाऱ्याचं.

पिक्चर लॉक झालं, म्हणजे आता कट बदलायचे नाहीत असं ठरलं, की ऑनलाइन सुरू. ऑफलाइनमधून ईडीएल (एडिट डिसिजन लिस्ट) नावाची यादी निघते. तिच्या प्रत्येक ओळीत कुठल्या क्लिपचा कुठून कुठपर्यंतचा तुकडा टाइमलाइनवर कुठे बसतो, एवढंच असतं. तिच्या आधारानं प्रॉक्सी जाऊन मूळ फाइली येतात. याला म्हणतात कन्फॉर्म. कथेबद्दल तुमचं मत इथे कोणी विचारत नाही, आणि विचारूही नये. ऑफलाइनचा व्हिडिओ वर ठेवून दोन चित्रांतला फक्त फरक दाखवणारा डिफरन्स मोड लावला की पडदा जवळजवळ काळा दिसायला हवा. कडा चमकल्या की समजायचं, शॉट सरकलाय. बहुतेकदा भानगड स्पीड बदललेल्या किंवा झूम केलेल्या शॉटची निघते, नाहीतर मधेच कोणी फाइलींची नावं बदललेली असतात. पुढे ग्रेडिंग (रंग-उजेड ठरवणं), व्हीएफएक्स (कॉम्प्युटरवर केलेले दृश्य परिणाम), टायटल्स.

माझं मत विचाराल तर ऑफलाइनच्या खुर्चीत बसण्याआधी एक तरी कन्फॉर्म स्वतः करावा. हे काम कंटाळवाणं आहे, कबूल. पण पहिल्या दिवशी असिस्टंटनं फाइलींकडे दुर्लक्ष केलं तर ते शेवटी कुणाला निस्तरावं लागतं, हे तिथेच कळतं.

आणि लॉकनंतर दिग्दर्शक म्हणालाच, ‘फक्त दोन सेकंद कमी कर’, तर? कटच्या पुढचं सगळं सरकतं. साउंडवाला, संगीतकार, व्हीएफएक्सवाले, सगळ्यांना बदलांची यादी पाठवावी लागते. डिजिटलमध्येही सिनेमा साधारण वीस-वीस मिनिटांच्या रीलमध्ये तोडून ठेवतात तो यासाठीच, म्हणजे निदान बाकीची रीलं जागच्या जागी राहतात.