बाखचे चेलो स्वीट

जर्मन संगीतकार योहान सेबास्टियन बाख (1685–1750) याने एकट्या चेलोसाठी (बसून, गजाने वाजवायचं व्हायोलिनच्या घराण्यातलं मोठं वाद्य) लिहिलेल्या सहा रचना, बाखच्या रचनांच्या कॅटलॉगमध्ये बीडब्ल्यूव्ही 1007 ते 1012. स्वीट म्हणजे एकापाठोपाठ वाजवायच्या छोट्या तुकड्यांची मालिका, इथे बहुतेक तुकडे नाचांच्या चालीवरचे. साथीला हार्पसिकॉर्ड (पियानोआधीचं पट्ट्यांचं वाद्य) सुद्धा नाही. प्रत्येकात आधी प्रेल्यूड, म्हणजे सुरुवातीचा तुकडा, मग नाचांचे तुकडे: आलमांद, कूरांत, साराबांद, त्यानंतर मिन्युएट, बूरे किंवा गाव्होतची जोडी आणि शेवटी जीग असा क्रम ठरलेला.

काळाबद्दल एकमत नाही. बाख जर्मनीतल्या क्योटनच्या दरबारात होता तेव्हाचे, म्हणजे 1717 ते 1723 मधले, असं सहसा मानतात. एकट्या व्हायोलिनच्या रचनांचं बाखच्या हातचं हस्तलिखित 1720 चं आहे आणि त्यावर ‘पुस्तक पहिलं’ असं लिहिलंय, म्हणून चेलोचे स्वीट हे दुसरं पुस्तक असावं असा तर्क आहे, पण लिखाण तुलनेने साधं म्हणून ते आधीचे असंही काहीजण म्हणतात, तेव्हा 1720 च्या आसपास एवढं म्हणून थांबलेलं बरं.

खरी अडचण वेगळीच आहे. बाखच्या हातची मूळ प्रत मिळालेलीच नाही. आहेत त्या चार नकला: एक पत्नी आना माग्डालेनाची, एक योहान पेटर केल्नरची (साधारण 1726), आणि दोन 18 व्या शतकाच्या उत्तरार्धातल्या, नाव नसलेल्या लेखनिकांच्या. स्वर बऱ्यापैकी जुळतात, स्लर जुळत नाहीत, म्हणजे गजाच्या एका ओढीत किती स्वर घ्यायचे हेच नक्की नाही. पहिल्या प्रेल्यूडची सुरुवात बघा, जी आणि डी या मोकळ्या (बोट न दाबता वाजणाऱ्या) तारा, मग ए तारेवर पहिल्या बोटाने बी, आणि तिथेच आवृत्त्या वेगळ्या होतात, कुणी तीन स्वर बांधतं, कुणी चार, कुणी आठ. आना माग्डालेनाचे स्लर इतके घाईत टाकलेत की कुठे सुरू होतात नि कुठे संपतात कळत नाही. तरी आनर बिल्स्मासारख्या चेलोवादकाने तिच्याच प्रतीवर भरवसा ठेवला, आणि सुरुवात तिथूनच करावी हे पटण्यासारखं आहे. (हे स्वीट तिनेच रचले हा संगीत-अभ्यासक मार्टिन जार्विस यांचा दावा पेपरात गाजला, बहुतेक अभ्यासकांनी मानला नाही.)

पाचव्या स्वीटमध्ये सगळ्यात वरची ए तार उतरवून जी करायची असते. याचीच ल्यूटसाठीची (ल्यूट म्हणजे बोटांनी छेडायचं जुनं तंतुवाद्य) आवृत्ती (बीडब्ल्यूव्ही 995) मात्र बाखच्या स्वतःच्या हातची आहे, त्यामुळे इथे जरा आधार मिळतो. सहावा पाच तारांच्या वाद्यासाठी, वर एक जास्तीची ई तार. ते वाद्य कुठलं यावर वाद आहे: छोटा चेलो, की पट्टा लावून खांद्यावर धरायचा ‘चेलो दा स्पाला’? वादक सिगिस्वाल्ड कुइकेन यांनी दुसरा पर्याय वाजवून दाखवलाय, सर्वांना तो पटलेला नाही. नेहमीच्या चार तारांवर वाजवायचं तर अंगठा पट्टीवर चढवून वरच्या जागा घ्याव्या लागतात, म्हणून विद्यार्थ्याकडे हा शेवटी येतो. चौथा ई-फ्लॅट मेजरमध्ये, मोकळ्या तारांचा आधार कमी, डाव्या हाताला ताण. शिकताना बहुतेकजण पहिला, मग तिसरा किंवा दुसरा घेतात.

छापील आवृत्ती पॅरिसमध्ये 1824 च्या सुमारास आली. 19 व्या शतकात हे बरेचदा सरावाचे धडेच समजले जायचे; संगीतकार शूमानने 1853 मध्ये पियानोची साथ लिहिली, त्यातली फक्त तिसऱ्याची उरली. चेलोवादक पाब्लो कासाल्सला वयाच्या तेराव्या वर्षी बार्सिलोनाच्या एका दुकानात ग्र्यूट्समाखर या चेलोवादकाने संपादित केलेली आवृत्ती सापडली, मग बारा-एक वर्षं रियाज, आणि 1936 ते 1939 मध्ये सहाही स्वीट रेकॉर्ड झाले. अख्खा स्वीट मैफलीत वाजवायची पद्धत मुख्यतः त्याच्यामुळे रुजली, हे मात्र सगळे मानतात. नोव्हेंबर 1989 मध्ये चेलोवादक रोस्त्रोपोविच पडत्या बर्लिन भिंतीपाशी बसून बाखच वाजवत होता. आतड्याच्या तारा, खाली टेकायची दांडी नाही, असा जुन्या पद्धतीचा चेलो घेऊन केलेल्या रेकॉर्डिंगमध्ये बिल्स्माचं 1979 चं महत्त्वाचं.

चेलोवादक यो-यो मा यांनी सगळे स्वीट तीनदा रेकॉर्ड केलेत आणि 2018 पासूनच्या जगभरच्या दौऱ्यात 2019 मध्ये मुंबईतही ते वाजवले.