पोंग्यात शिरण्याआधी लष्करी अळी ओळखा

मका गुडघ्याएवढा होण्याआधीच सांगली जिल्ह्यातल्या वाळवा, मिरज, खानापूर भागातल्या शेतकऱ्यांनी रोज सकाळी पानं निरखायला हवीत. पानावर पांढुरके, अर्धपारदर्शक चट्टे दिसले की समजायचं, लष्करी अळी आली आणि अजून ती लहान आहे. या वयात ती पानाचा हिरवा भाग खरवडून खाते, पापुद्रा तसाच राहतो. पानाला मोठी भोकं पडून पोंग्यात, म्हणजे मधल्या गुंडाळलेल्या कोवळ्या पानांच्या सुरळीत, ओल्या भुश्शासारखी विष्ठा साचते, तोवर अळी आत दडून बसलेली असते. मग वरून कितीही फवारा, औषध तिच्यापर्यंत पोचणं अवघड.

ही अळी मूळची अमेरिका खंडातली. आफ्रिकेत ती 2016 मध्ये आढळली. भारतात मे 2018 मध्ये कर्नाटकातल्या शिवमोग्ग्याच्या मक्यावर दिसली आणि त्याच वर्षी सांगली जिल्ह्यात उसावरही सापडली. पतंग वाऱ्याच्या साथीने एका रात्रीत 100 किलोमीटर जाऊ शकतो, त्यामुळे एकट्याच्या शेतापुरता विचार करून भागत नाही.

मादी रात्री पानावर 100 ते 200 अंड्यांचा पुंजका घालते आणि तो स्वतःच्या अंगावरच्या केसाळ खवल्यांनी झाकते. दोन-तीन दिवसांत अळ्या बाहेर पडतात, रेशमी धाग्याला लोंबकळत वाऱ्यावर शेजारच्या ताटांवर जातात. पुढे मोठ्या झाल्या की एकमेकींनाच खातात. म्हणून पोंगा उलगडला तर आत बहुधा एकच धष्टपुष्ट अळी मिळते. तिच्या डोक्यावर उलटा 'वाय' असतो आणि शेपटीकडच्या शेवटून दुसऱ्या भागावर चौकोनात मांडलेले चार काळे ठिपके. सहा अवस्थांतून ती वाढते, पण एकूण खाण्यातला बहुतांश वाटा शेवटच्या अवस्थेतला. नंतर ती जमिनीत कोषात जाते. उष्ण हवेत साधारण महिन्याभरात एक पिढी पुरी होते. थंडीत झोपून राहण्याची सवय तिला नाही; आपल्याकडे चाऱ्यासाठी, मुरघासासाठी बागायती मका सतत उभा असतो, तिथे तिला बारमाही खाद्य मिळतं.

म्हणून अंडीपुंज दिसला की हातानेच चुरडावा. मादीच्या गंधाने नराला ओढणाऱ्या कामगंध सापळ्यात नर पतंग येऊ लागले की पाहणी वाढवावी. अळ्या लहान असतानाच 5 टक्के निंबोळी अर्क मारावा, तोही थेट पोंग्यात.

पावसाळी दमट हवेत काही अळ्या पानाला चिकटून मेलेल्या, आधी पांढऱ्या आणि मग हिरवट झालेल्या दिसतील. ती मित्रबुरशीची, म्हणजे अळी मारणाऱ्या बुरशीची लागण आहे. त्या वेचून फेकू नका. त्यांच्यावरचे बीजाणू उडून शेजारच्या अळ्यांना लागतात.