दिवसा न सांगायच्या गोष्टी: आयर्लंडमधल्या पहाटफेऱ्यांची पार्श्वभूमी

उजाडायच्या आत समुद्रकाठी जमायचं, कड्यावरच्या पायवाटेने तासभर चालायचं, दोन-तीन ठिकाणी थांबून वाटाड्याच्या तोंडून त्या जागेची गोष्ट ऐकायची आणि सूर्य वर येताना थंड पाण्यात उतरायचं. मग कुडकुडत थर्मासमधला चहा. डब्लिनच्या दक्षिणेचा किनारा, विक्लो, कॉर्क, गॉलवे, डोनेगल इथे अशा फेऱ्या गेल्या काही वर्षांत बऱ्याच रुळल्या आहेत. त्यांच्या जाहिरातींत 'प्राचीन परंपरा' हे शब्द हमखास असतात. किनाऱ्याची चाल, समुद्रस्नान आणि लोककथा ही तिन्ही तिथे जुनी आहेतच. पण त्यांची वयं वेगळी, वेळा वेगळ्या, आणि एकमेकांशी त्यांचं फारसं पटतही नव्हतं.

सुरुवात गोष्टींपासून करू, कारण त्यांच्याविषयीच सर्वांत चांगल्या नोंदी आहेत. 1935 साली सरकारने लोकसाहित्य गोळा करण्यासाठी एक आयोग नेमला. त्याचे पूर्णवेळ संग्राहक सायकलवरून खेडोपाडी जायचे आणि मेणाच्या नळकांड्यांवर बोलणं मुद्रित करायचे. रात्री बसून ते शब्दशः उतरवलं की तेच नळकांडं तासून पुन्हा वापरायचं, कारण नव्याला पैसे नव्हते. त्यामुळे त्या हजारो आवाजांपैकी बहुतेक आज ऐकता येत नाहीत, फक्त वाचता येतात. 1937 ते 1939 या काळात हेच काम शाळांना दिलं गेलं. सुमारे 5,000 प्राथमिक शाळांतल्या 50,000 मुलांनी घरच्या आणि शेजारच्या म्हाताऱ्यांना विचारून वह्या भरल्या. मूळ वह्या आणि त्यातून निवडून उतरवलेले खंड मिळून ही पानं 7 लाख 40 हजारांच्या घरात जातात. पुढे ती आंतरजालावर खुली झाली, आणि 2017 साली आयोगाच्या संग्रहाला युनेस्कोच्या जागतिक स्मृतिनोंदणीत जागा मिळाली.

आजच्या वाटाड्याची शिदोरी ही आहे. गावाचं नाव टाकलं की 1930 च्या दशकाच्या शेवटी एका बारा वर्षांच्या मुलीने आजोबांकडून ऐकून लिहिलेली बुडालेल्या होडीची हकीकत समोर येते. मात्र शाळांची योजना दक्षिणेकडच्या 26 परगण्यांपुरती होती, सीमेपलीकडच्या उत्तर आयर्लंडची पोरं त्यात नव्हती. आयरिश दंतकथेतल्या लीरच्या मुलांनी हंस होऊन 300 वर्षं काढली तो मॉइलचा समुद्र नेमका तिकडे, अँट्रिमच्या किनाऱ्याला लागून. तिथल्या वाटाड्यांना ही शाळेची शिदोरी मिळत नाही. शिवाय पूर्णवेळ संग्राहक पुरुषच होते आणि ते साहजिकच पुरुषांच्या बैठकीत जाऊन बसत. बायका काय सांगत, हे त्या मानाने कमी उतरलं. ब्लास्केट बेटावरच्या एका आजीकडून शेकडो गोष्टी लिहून घेतल्या गेल्या खऱ्या, पण ती अपवाद म्हणूनच लक्षात राहिली. ते बेटही 1953 साली रिकामं झालं.

आता 'शॅनखी' या शब्दाकडे. फेरी नेणारे स्वतःला हल्ली सर्रास शॅनखी म्हणवतात, आणि त्यावरून दर काही महिन्यांनी वाद होतो. आक्षेप असा: शॅनखी म्हणजे परंपरेने गोष्टी मिळालेला माणूस, ज्याने त्या काल रात्री संकेतस्थळावर वाचल्या त्याने ही पदवी लावू नये. ऐकायला हे रास्त वाटतं. पण या शब्दाने इतकी वळणं घेतली आहेत की त्यातली कुठली परंपरा धरायची हे आधी ठरवावं लागेल.

मध्ययुगात शॅनखी हा सरदाराच्या पदरी असलेला वंशपरंपरागत विद्वान. घराण्याच्या वंशावळी, जमिनीचे हक्क, सीमेवरच्या जागांची नावं आणि ती का पडली हे सारं त्याच्याकडे. त्यातल्या जागांच्या माहितीला 'दिनशॅनखस' म्हणतात आणि तिचे मोठे संग्रह हस्तलिखितांत आहेत. म्हणजे मूळ शॅनखी हा पोथीचा माणूस होता. सतराव्या शतकात गेलिक सरदार संपले, तसा त्याचा आश्रयही संपला आणि शब्द खेड्यात उतरला. तिथे त्याचा अर्थ झाला गावच्या जुन्या गोष्टी ठाऊक असलेला म्हातारा किंवा म्हातारी. याच्याहून वेगळा होता 'श्केली'. तो फिन या दंतकथेतल्या वीराच्या शूरकथा आणि राजपुत्रांच्या लांबलचक अद्भुतकथा सांगायचा. एकेक कथा दोन-दोन, तीन-तीन रात्री चाले, आणि हे काम जवळपास पुरुषांचंच. आपल्याकडे वहीवंशावळ सांभाळणारा हेळवी आणि रात्रभर रंगवणारा शाहीर यांना कोणी एक समजणार नाही, तितकंच हे अंतर होतं. संग्राहकांनी त्या काळी हा फरक काटेकोरपणे पाळला.

तो पुसला रंगभूमीने आणि रेडिओ-टीव्हीने. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात डोक्यावर टोपी घातलेला, खुर्चीत बसून शेकोटीपुढे खुमासदार किस्से सांगणारा एक रंगमंचीय शॅनखी घराघरांत पोचला, आणि सगळ्याच कथेकऱ्यांना ते नाव चिकटलं. पर्यटनाने ते तयारच उचललं. तेव्हा पहाटफेरीतली बाई एका खडकापुढे उभी राहून या खडकाला हे नाव का पडलं ते पाच मिनिटांत सांगते, तेव्हा ती रंगमंचावरच्या शॅनखीपेक्षा जुन्या अर्थाच्या जास्त जवळ असते. वाचून शिकल्याचा तिला दोष लावायचा, तर मध्ययुगीन शॅनखीलाही लावावा लागेल. माझ्या मते खरी अडचण ऐकणाऱ्यांची आहे. खेड्यात शॅनखीने कुठल्या आळीतल्या कुणाच्या बापाविषयी चूक सांगितलं तर कोपऱ्यातून लगेच कुणी तरी दुरुस्त करी. आजच्या घोळक्यात तो खडक पहिल्यांदाच पाहणारी माणसं असतात. गोष्ट इंग्रजीत, जागेची नावं आयरिशमधून इंग्रजी लिपीत मोडून आलेली; चूक पकडणार कोण?

'सेल्की' हे त्याचंच छोटं उदाहरण. सीलची कातडी उतरवून बाई होणारी ही व्यक्तिरेखा फेऱ्यांमध्ये अतोनात लोकप्रिय आहे, पण शब्द स्कॉटलंडच्या उत्तरेकडच्या बेटांवरचा. आयरिशमध्ये समुद्रातल्या बाईला 'मुरूख' म्हणतात (आपल्या कानाला खटकेल, पण उच्चार तसाच), आणि तिची लपवून ठेवलेली चीज बऱ्याचदा कातडी नसून टोपी किंवा अंगरखा असते. सीलशी नातं सांगणारी घराणी मात्र कॉनेमाराच्या किनाऱ्यावर खरोखरच आहेत.

वेळेचा पेच याहून मोठा. गोष्टी सांगण्याचा हंगाम साधारण नोव्हेंबरच्या सुरुवातीपासून वसंत लागेपर्यंतचा, आणि जागा घरातल्या शेकोटीपुढची. दिवसाउजेडी कथा सांगणं अशुभ मानत. पहाटेविषयीच्या समजुती तर आणखी बिकट. कोळी होडीकडे निघाला आणि वाटेत लाल केसांची बाई भेटली, तर तो त्या दिवशी समुद्रावर न जाता परत फिरे. मे महिन्याच्या पहिल्या पहाटेच्या दवाने तोंड धुतलं की कांती उजळते, हे सगळे वाटाडे सांगतात. पण त्याच पहाटे दुसऱ्याच्या कुरणात दव गोळा करताना दिसलेल्या बाईवर ती शेजाऱ्याच्या लोण्याची बरकत चोरते असा संशय घेतला जाई, हे सांगणारे थोडे. सूर्योदयाआधी किनाऱ्यावर एकट्याने फिरणारी बाई जुन्या आयर्लंडमध्ये रम्य दृश्य नव्हतं. आज या फेऱ्यांना येणाऱ्यांत बायकाच जास्त दिसतात, याची गंमत वाटते.

आणि पाणी? पश्चिम किनाऱ्यावरचे कित्येक कोळी जन्मभर समुद्रावर राहूनही पोहायला शिकले नाहीत. समुद्राला जे हवं ते तो घेणारच. पोहता आलं तर मरण फक्त लांबतं, ही धारणा. बुडणाऱ्याला ओढून काढलं तर समुद्र त्याच्या जागी वाचवणाऱ्याला मागतो, असंही म्हणत. नारळी पौर्णिमेला दर्याला मान देऊन मगच होडी लोटणाऱ्या आपल्या कोळीवाड्यांना या भीतीतला आदर समजावून सांगायला नको. समुद्रात मुद्दाम उतरण्याचे दिवस होते, पण मोजके. ऑगस्टच्या सुरुवातीच्या सुगीच्या सणाला घोडे पाण्यातून पोहवून काढत, म्हणजे ते वर्षभर निरोगी राहतात. 15 ऑगस्टला, मेरीमातेच्या सणाला, दक्षिणेकडची शेतकरी कुटुंबं गाड्या जोडून किनाऱ्यावर येत, कारण त्या दिवशीच्या समुद्रस्नानाला औषधी गुण मानलेला.

मौजेखातर पोहणं आलं ते रेल्वेबरोबर. डब्लिन ते आजचं डन लीरी हा देशातला पहिला लोहमार्ग 1834 च्या डिसेंबरमध्ये सुरू झाला आणि 1839 मध्ये रेल्वे कंपनीनेच वाटेवरच्या ब्लॅकरॉकला स्नानगृहं बांधली. ही शहरी मध्यमवर्गाची हवा होती. कथा सांगणाऱ्या खेड्यांचा तिच्याशी संबंध नव्हता. मग जागांची वाटणी झाली. चांगल्या खोल पाण्याच्या जागा पुरुषांना, उथळ वाळू बायका-मुलांना. सँडीकोव्हच्या फॉर्टी फूट या खडकाळ जागेवर (नाव खोलीवरून पडलं की सैन्याच्या तुकडीवरून, यावर अजून एकमत नाही) 1974 च्या उन्हाळ्यात बायकांचा एक गट फलक घेऊन आला आणि पाण्यात उतरला. नेहमीच्या पोहणाऱ्या पुरुषांनी बराच आरडाओरडा केला. ट्रॅमोरच्या गिलामीन इथे तर 'फक्त पुरुषांसाठी' ही पाटी आठवण म्हणून आजही आहे. तेव्हा प्राचीन म्हणून सांगितलं जाणारं स्त्रियांचं हे सामुदायिक समुद्रस्नान काही ठिकाणी जेमतेम 50 वर्षांचं आहे. ते मिळवावं लागलं, ही गोष्टही सांगण्याजोगी आहे. पण परीकथांच्या मानाने ती कमी सांगितली जाते.

हे सगळे धागे एकत्र आणले 2020 ने. मार्चअखेर घरापासून 2 किलोमीटरच्या आत राहण्याचं बंधन आलं, मेमध्ये ते 5 किलोमीटर झालं. तरणतलाव बंद. किनाऱ्याजवळ राहणाऱ्यांच्या हाती समुद्र तेवढा उरला आणि लोक जानेवारीतही उतरू लागले. मोठाल्या झग्यांसारख्या ड्रायरोबांची इतकी गर्दी झाली की त्या वर्षअखेर फॉर्टी फूटवर ड्रायरोबवाल्यांना मज्जाव असल्याची एक थट्टेची पाटी लागली आणि देशभर गाजली. निर्बंध उठल्यावर या नव्या पोहणाऱ्यांना सोबत हवी होती आणि काम गेलेल्या वाटाड्यांना गिऱ्हाईक. डोनेगलपासून किन्सेलपर्यंतचा सुमारे 2,500 किलोमीटरचा अटलांटिक किनारमार्ग 2014 पासूनच पर्यटकांना विकला जात होता. घरबसल्या वाचता येणाऱ्या शाळकरी वह्या होत्याच.

कुरबुरी आता वेगळ्या आहेत. पोहण्याच्या पाण्याची तपासणी कायद्याने 1 जून ते 15 सप्टेंबर या हंगामापुरतीच बंधनकारक आहे, आणि फेऱ्या तर बारमाही. डब्लिनच्या काही पालिका त्यापलीकडेही तपासतात, पण मोठ्या पावसानंतर सांडपाणी खाडीत आलं की पोहण्यावर बंदीच्या पाट्या लागतात. हिवाळ्याच्या शेवटी पाणी 8 अंशांच्या आसपास असतं. त्यात अचानक शिरलं की पहिल्या मिनिटा-दीड मिनिटात श्वासावरचा ताबा सुटतो. म्हणून जबाबदार वाटाडे गोष्ट पाण्यात उतरायच्या आधी संपवतात, नंतर नाही. नंतर माणसं थरथरत असतात, कुणी ऐकत नाही.

योगायोगाने यातून दिवसा गोष्ट न सांगण्याचा जुना नियमही थोडाफार सांभाळला जातो. 21 डिसेंबरला डब्लिनमध्ये सूर्य 8:38 ला उगवतो. सातला निघालेली फेरी तासभर काळोखातच चालते आणि गोष्ट रात्रीतच संपते, तीही गोष्टींच्या हंगामात. जूनमध्ये मात्र सूर्योदय 4:57 चा. तेव्हाही फेऱ्या असतात, आणि त्यांत सांगितली जाणारी प्रत्येक गोष्ट उजेडात सांगितलेली असते.